स्टार्टर रिलेला कुंकू: दर्यापूरमार्गे अकोल्याच्या साक्षगंधाला

अमरावतीहून अकोल्याला जायचं तर बडनेरा, मूर्तिजापूर आणि पुढे अकोला असा सरळ महामार्ग आहे. शहाण्या माणसाने त्यानेच जावं. मी वलगाव, दर्यापूर, म्हैसांग असा आडवा रस्ता धरला आणि घरच्यांना सांगितलं, की ब्लॉगसाठी नवीन रस्ता पाहायचाय. खरी गोष्ट अशी, की मला अकोल्याला लवकर पोचायचंच नव्हतं. मी वकील आहे. नकोसं काम समोर आलं की पुढची तारीख मागणं, एवढं एकच कौशल्य मी इतक्या वर्षांत कमावलंय.

नकोसं काम होतं ते असं. माझा धाकटा भाऊ निखिल आणि अकोल्याची पल्लवी यांचं त्या दिवशी साक्षगंध होतं. साक्षगंध म्हणजे आमच्याकडचा साखरपुडा. पल्लवी अकोल्याच्या पॉलिटेक्निकमध्ये इलेक्ट्रिकल शिकवते. लग्नानंतर अमरावतीहून रेल्वेने जाणं-येणं करायचं, असं तिचं आणि निखिलचं आपसात ठरलेलं. आईला ते बिलकूल मान्य नव्हतं.

"रोज अकोल्याले जाइन तं सून घरी कवा दिसन?" आई म्हणाली. "नोकरी सोडा लागन, हे तिच्या बापाले आजच सांगून टाक. तू मोठा हायेस घरातला."

निखिलला विचारलं, तर तो म्हणाला, "पल्लवी साफ नाही म्हनन दादा, अन् मंग सारंच मोडन. तू पाह्यून घे ना." एवढं बोलून तो पाहुण्यांच्या ट्रॅव्हलरमध्ये बसून महामार्गाने निघूनही गेला. शौर्य आमच्या घराण्यातच आहे.

आता गाडीविषयी. आमच्या जुन्या गाडीला एक आजार जडला होता. एकदा बंद केली की पुन्हा सुरू होईलच याची खात्री नाही. चावी फिरवली की समोरचे दिवे लागत, गाणी वाजत, आणि पुढे सगळं शांत. ज्याला विचारावं तो म्हणे बॅटरी. मी नवी बॅटरी टाकली. मग दिवे जास्त झगझगीत लागू लागले, पण शांतता होती तशीच राहिली. शेवटी मी स्वतःच एक तोडगा काढला, की गाडी बंदच करायची नाही. या तोडग्याचा मला इतका अभिमान वाटला, की मी तो कोर्टाच्या बार रूममध्ये दोघांना सांगितलासुद्धा.

त्यात आईने साडी आणि अंगठीची पिशवी ट्रॅव्हलरमध्ये द्यायला नकार दिला. "त्या गर्दीत पिशवी कुठं जाइन, काही भरोसा आहे का?" म्हणून ती पिशवी मांडीवर घेऊन आई आमच्या मागच्या सीटवर बसली. आमच्याकडे मुलाकडून आलेली साडी नेसूनच मुलगी पाटावर बसते. म्हणजे अकोल्याचा हॉल, गुरुजी, दोन्हीकडचे पाहुणे, सगळं त्या पिशवीवर अडलेलं, आणि पिशवी माझ्या गाडीत. पुढे शेजारी बायको मंजू. तिचं माहेर यवतमाळचं आणि गाड्यांच्या बाबतीत तिचा माझ्यावर अजिबात विश्वास नाही. तो का नाही, हे पुढे येईलच.

सकाळी गिला वडा, म्हणजे दही-चटणीत भिजवलेला उडदाचा वडा, खाऊन निघालो. अमरावतीत येऊन गिला वडा न खाता गेलात तर तुमचं तुम्ही पाहा. वलगाव मागे पडलं की रस्ता एकदम मोकळा होतो. दोन्ही बाजूंना कपाशी, मध्ये तुरीच्या ओळी, आणि जमीन एवढी सपाट की पुढच्या गावातलं पाण्याचं टाकं बऱ्याच आधीपासून दिसत राहतं. हा खारपाणपट्टा. विहिरीचं पाणी खारट, म्हणून पाण्याची बाटली सोबत ठेवा. रस्ता बहुतेक चांगला आहे, अधूनमधून एखादा खड्डा अचानक भेटतो. हिवाळ्यात या बाजूला नक्की या, फक्त गाडी बंद पडणारी आणू नका, कारण धक्क्याने सुरू करावी म्हटलं तर कुठे उतार म्हणून नाही.

दर्यापुरात एका हॉटेलसमोर थांबलो. गाडी अर्थातच चालू ठेवली, काच खाली आणि चावी आत. कचोरी आणि वर झणझणीत तर्री. स्वस्त आणि उत्तम. मी पहिला घास घेतला तोच बाजूच्या टेबलावरचा माणूस म्हणाला, "ओ भाऊ, गाडी चालू राह्यली तुमची."

"असू द्या," मी म्हणालो.

मग पानठेल्यावरचा ओरडला, "साहेब, गाडी चालूच हाये!" मग एका आजीबाईंनी सांगितलं. मी प्रत्येकाला हात करून "माहीत आहे" म्हणत होतो. शेवटी पांढरा सदरा घातलेले एक भले गृहस्थ आले आणि त्यांनी माझ्या हातावर गाडीची चावी ठेवली.

"बंद करून आणली," ते म्हणाले. "चोरीले जाइन ना, बापा. काहून एवढं बेफिकीर राह्यता?"

मी त्यांचे आभार मानले. दुसरं काय करणार? मग अर्ध्या हॉटेलने मिळून आम्हाला धक्का मारला, आणि त्यात सगळ्यात पुढे तेच गृहस्थ होते.

इथपर्यंत माझा दोष नव्हता. पूर्णा नदीपाशी जे झालं ते मात्र निव्वळ माझं कर्तृत्व. पूल ओलांडला की रस्ता चांगला लांबवर खाली उतरतो. त्या सपाट मुलखात उतार पाहून मला जो आनंद झाला तो काय सांगू! नदीचे फोटो काढायला मी उताराच्या माथ्यावर गाडी उभी केली आणि ऐटीत चावी फिरवून बंद केली.

"बंद काहून केली?" मंजूने विचारलं.

"उतार आहे. गुरुत्वाकर्षणावर भरोसा ठेव जरा," मी म्हणालो.

फोटो छान आले. परत बसलो, हँडब्रेक सोडला, दुसरा गिअर टाकला, गाडीने वेग घेतला आणि मी क्लच सोडला. गाडीने एक गचका दिला. पुन्हा दाबला, पुन्हा सोडला, पुन्हा गचका. मागून कापसाचा ट्रॅक्टर हॉर्न मारत आला, म्हणून मी बाजूला घेतलं, आणि उतार संपता संपता पुढची चाकं काळ्या भुसभुशीत मातीत रुतली. ट्रॅक्टरवाल्याला वाटलं आम्ही त्याच्यासाठीच बाजूला झालो. तो आनंदाने हात हलवून निघून गेला.

मंजूने वाकून पाहिलं आणि थंडपणे म्हणाली, "चावी चालूच केली नव्हती तुम्ही."

तिचा माझ्यावर विश्वास का नाही, ते आता कळलं असेल.

मंजू आणि मी मिळून गाडी ढकलून पाहिली. चाकं आणखी खाली गेली. रस्त्याने एकच मोटारसायकल आली, नवरा, बायको आणि मध्ये पोतं. "म्हैसांगले मेकॅनिक पाहा लागते," एवढा सल्ला देऊन तेही गेले. तारीख पुढे जावी असं मला वाटत होतं खरं, पण अशी नाही. तिकडे ती मुलगी घरच्या साडीत बसून राहणार आणि तिचे लोक दाराकडे पाहत राहणार. माझ्या हलगर्जीपणासाठी तिने का खोळंबावं?

तेवढ्यात मंजूचा फोन वाजला. पल्लवीच होती. मंजूने फोन स्पीकरवर टाकला आणि कुठलीही सजावट न करता सगळं सांगितलं. मग पल्लवी म्हणाली, "ताई, दादांना द्या बरं फोन. दादा, चावी फिरवल्यावर टक् असा आवाज येते का?"

"नाही येत."

"हेडलाइट लावून चावी फिरवा. दिवे मंद होते का?"

होत नव्हते. "मग बॅटरी चांगली हाये," ती म्हणाली. मी नवी बॅटरी टाकल्याचं तिला सांगितलं नाही. "मोटारपर्यंत करंट जाऊनच नाही राह्यला. चावी फक्त इशारा देते, दादा. खरा करंट रिले नावाचा छोटा स्विच सोडते. बोनेट उघडा, काळा डबा दिसन, त्याच्या झाकणाच्या आतून चित्र असते."

चित्र होतं. एवढ्या वर्षांत मी ते झाकण उघडलंच नव्हतं. हॉर्नची रिले आणि स्टार्टरची रिले दिसायला अगदी सारख्या, काड्यापेटीपेक्षा लहान काळे चौकोन. तिने त्यांची अदलाबदल करायला लावली. स्टार्टरची रिले हॉर्नच्या जागी गेली आणि हॉर्न खणखणीत वाजला. हॉर्नची रिले स्टार्टरच्या जागी बसवली, चावी फिरवली, तर पुन्हा शांत.

"म्हणजे रिले निर्दोष," पल्लवी म्हणाली. "जिथं ते बसते तिथं दोष हाये. रिले काढा अन् त्या खाचांचा फोटो पाठवा."

मंजूने फोटो पाठवला.

"दादा, हिरवं-पांढरं दिसते ते गंज हाये. पण हे लाल काय आहे?"

मी वाकून पाहिलं. लाल होतं ते कुंकू.

दसऱ्याला सगळं गाव गाडीच्या बोनेटवर स्वस्तिक काढतं, हार घालतं, चाकाखाली लिंबू ठेवतं आणि मोकळं होतं. मला मात्र वाटलं, बोनेट म्हणजे नुसते कपडे, पूजा करायची तर इंजिनाची. मी बोनेट उघडून आत सगळ्या वस्तूंना हळद-कुंकू वाहिलं, तिथेच नारळ फोडला आणि त्याचं पाणी भक्तिभावाने चौफेर शिंपडलं. त्या काळ्या डब्यावर तर जरा जास्तच, कारण तो मला महत्त्वाचा वाटला होता. नारळाच्या पाण्यात क्षार असतात हे मला माहीत होतं, पण माहिती आणि अक्कल या माझ्याकडे नेहमी वेगवेगळ्या खोल्यांत राहतात.

हे मी तिला सांगितलं. भावी जेठाचा, म्हणजे थोरल्या दिराचा, मान राखायला तिने बराच प्रयत्न केला असावा, पण शेवटी ती खदखदून हसली. मागून तिच्या मैत्रिणींचंही हसू ऐकू आलं. मंजू हसली. पिशवी कवटाळून बसलेली आईसुद्धा म्हणाली, "मी तवाच म्हनलं होतं याले, वरूनच कर म्हनून."

मग पल्लवीचा आवाज पुन्हा शिकवणाऱ्या बाईचा झाला. आधी बॅटरीची काळी वायर सोडवा. खाचा कोरड्या करा. आहे का काही घासायला? मंजूच्या पर्समध्ये नखं घासायची बारीक कानस होती. मी घासायला घेतलं, तर पल्लवी म्हणाली, "हळू, दादा. पितळ खरवडायचं नाही, वरचा थर काढायचा." आईने रिले तळहातावर तीर्थासारखी धरून ठेवली होती. थोड्या वेळाने ती फोनकडे झुकून म्हणाली, "पोरी, हे तू शिकवतेस पोराइले?"

"हो, आई. पोरींनाही. आमच्या वर्गात पोरीच जास्त आहेत."

आईने हातातली रिले पदराने पुसून घेतली.

वायर जोडली, गिअर न्यूट्रल, हँडब्रेक ओढलेला, रिले जागेवर. चावी फिरवली. टक्, आणि इंजिन सुरू! मी इतका जोरात ओरडलो, की तुरीतले बगळे उडाले. माती उकरून, चाकाखाली तुराट्या, म्हणजे तुरीच्या वाळक्या काड्या, टाकून गाडी रस्त्यावर घेतली. फोनवर पल्लवी घाईने म्हणत होती, "या आता लवकर, ब्युटीशियन जातो म्हणून राह्यली."

अकोल्यात मोर्णा नदीचा पूल ओलांडून जुन्या शहरात शिरलो तेव्हा हॉलच्या दारात दोन्हीकडचे लोक उभेच होते. मंजू पिशवी घेऊन आत धावली. मी नळावर हात धूत होतो. पल्लवीचे बाबा, शाळेतून निवृत्त झालेले शिक्षक, माझ्याजवळ आले. त्यांनी मला टॉवेल दिला आणि हळूच म्हणाले, "तुमच्या आईंना काही बोलायचं आहे, असं निखिलराव म्हणत होते. नोकरीबद्दल असेल, तर आम्ही जरा घाबरूनच आहोत."

मागे खुर्चीवर आई बसली होती. तिला ऐकू जात होतं. पुढची तारीख मागायला ही जागा छान होती. माझ्या तोंडून निघालं, "तिने नोकरी सोडू नये, एवढंच सांगायचं होतं." त्यांनी माझा ओला हात दोन्ही हातांत धरला. आईकडे पाहायचं धाडस मला झालं नाही.

साक्षगंध छान झालं. पल्लवीला ती साडी फार शोभली. जेवायला वांग्याची भाजी, पुरी, बुंदी आणि मठ्ठा. मी भरपूर जेवलो, कारण भीती वाटली की मला भूक लागते.

परतीला महामार्गाने आलो. रस्ता गुळगुळीत, सांगण्यासारखं काही नाही. मूर्तिजापूरला चहासाठी गाडी मुद्दाम बंद केली आणि मुद्दाम सुरू केली. मागच्या सीटवर आई खिडकीबाहेरच पाहत होती. मंजू मध्येच माझ्या हातावर हात ठेवत होती, म्हणजे प्रकरण गंभीर होतं. पल्लवीच्या बाबांसमोर मी आईचा शब्द फिरवला होता, तोही तिला न विचारता. निखिल सुटला, पल्लवी सुटली, आता माझी सुनावणी बाकी होती.

घरी आल्यावर आईने पाय धुतले, देवापुढे दिवा लावला आणि स्वयंपाकघरात जाऊन डबे खालीवर करू लागली. मी दारात जाऊन उभा राहिलो.

"आई, रागावलीस का?"

फडताळातून तिने एक तीन कप्प्यांचा जेवणाचा डबा काढला, झाकण उघडून वास घेतला आणि घासायला बाजूला ठेवला.

"सकाळच्या गाडीनं जाइन म्हंते ते पोरगी," आई म्हणाली. "उपाशी थोडीच जाऊ देतो मी? मी तं तशीबी पहाटंच उठतो."