धुतलेलं रीळ

सोड्याच्या गरम पाण्यात फिल्म बुडवली आणि पाणी काळं झालं, वर काढली तर पट्टी कोरी, काचेसारखी. बोलपट नव्हते तेव्हापासून मामंजी गावोगाव फिरून खऱ्या घडलेल्या गोष्टींच्या फिल्मा काढायचे, थेटरात दाखवायचे. या फिल्मच्या डब्याला आंबूस वास येत होता, बाळाला बाधेल म्हणून मी धुवायला घेतली.

बाळाला कडेवर घेऊन मामंजी दारातून म्हणाले, "काय धुतेस गं?"

"लंगोट, मामंजी."

"धू, धू. हा मोठा झाला की माझं पुराचं रीळ दाखवीन त्याला. सगळं गाव वाहून गेलं, तेवढंच उरलंय."

तेच माझ्या हातात होतं. त्यातली माणसं आधी पुरात गेली, आता माझ्या बादलीत. मामंजी बाळाला हसवत बसले. तुम्ही सांगितलं असतंत का हो त्यांना?