प्रेमराज सरांचा डॉस

धुळ्यात प्रेमराज सरांचा कॉम्प्युटर क्लास होता. चपला बाहेर काढायच्या आणि पहिले पंधरा दिवस कॉम्प्युटरला हात न लावता आज्ञा वहीत लिहून पाठ करायच्या, असा तिथला नियम. तरुणपणी सर सीपी/एम नावाची प्रणाली शिकले. शिकून होईतो कचेऱ्यांत आज्ञा टाइप करून चालणारा डॉस आला. तोही ते पहिल्यापासून शिकले आणि आता हाच शेवटचा, असं त्यांनी ठरवून टाकलं.

सत्त्याण्णव साली समोरच अखिल जैनने विंडोजचा क्लास काढला. सरांकडे एकटी रत्ना उरली. तीही एक दिवस म्हणाली, "सर, तठे माऊस शे. बठ्ठं काम बटन दाबीसन व्हस. जाऊ का?"

"जा. पण विंडोजच्या खाली डॉसच आहे, हे अखिलला सांग."

"तुम्हीच सांगा की!"

दोन दिवस सर रिकाम्या खोलीत बसून राहिले. तिसऱ्या दिवशी कुलूप लावून त्यांनी रस्ता ओलांडला. अखिल खुर्ची सोडून उभा राहिला. त्याला डॉस सरांनीच शिकवला होता.

"सर, काही काम होतं?"

"शिकायचंय. नाव लिहून घे."

अखिलने हजेरीवही उघडली. 'सर' लिहावं की नाही, म्हणून त्याचा पेन अडला.

"नुसतं प्रेमराज लिही," सर म्हणाले आणि रत्नाशेजारी जाऊन बसले.