कॅल्क्युलेटरमधला कुंभार्ली घाट

संपत शेलार चिंचोक्यांवर गेम खेळायचा. म्हणजे खाटेवर वहीचं पान, पानावर पेन्सिलीनं आखलेले चौकोन, चौकोनांत चिंचोके, आणि हा मांडी घालून पुटपुटत एकेक चिंचोका सरकवतोय. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, गावाकडचं काही देवाधर्माचं असेल. मी आदरानं चपला दाराबाहेर काढल्या आणि अर्धा तास गप्प बसलो. शेवटी राहवेना, म्हणून विचारलं, "कसलं व्रत आहे रे?"

"व्रत कसलं? यष्टी घाट उतरतीया," तो मान वर न करता म्हणाला. "गप बस जरा. दरड कोसळाय लागलीया."

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर, सांगलीच्या एका इंजिनियरिंग कॉलेजच्या होस्टेलात आम्ही एका खोलीत होतो. मी साताऱ्याचा. वडील वकील, म्हणून त्यानं पहिल्याच आठवड्यात माझं नाव 'वकील' ठेवून टाकलं. तो पाटणच्या वरच्या अंगाच्या एका वाडीतला. वडील फौजेतून नाईक होऊन परत आलेले. त्या घरात दहावीच्या पुढं गेलेला हाच पहिला. गावात त्याला आत्तापासूनच 'विंजिनेर' म्हणत, आणि ते ऐकून त्याच्या आबांची मान ताठ व्हायची, असं तो सांगायचा. सांगताना त्याचीही व्हायची.

आमच्या वर्गात आलेख काढणारा कॅल्क्युलेटर एकट्या माझ्याकडं होता. अमेरिकेतल्या मामानं आणलेला. चांगला तळहाताएवढा, वर आठ ओळींचा पडदा. मी पहिले सहा महिने त्यावर बेरजा केल्या आणि उरलेला वेळ तो लोकांना दाखवला. संपतनं माझ्याकडं कॅल्क्युलेटर मागितलाच नाही. त्यानं मागितलं ते सोबतचं जाडजूड माहितीपुस्तक, जे मी उशीखाली डोकं उंच व्हावं म्हणून ठेवलं होतं. शब्दकोश शेजारी घेऊन आठवड्याभरात त्यानं ते वाचून संपवलं आणि म्हणाला, "वकिला, ह्याच्यात गेम बसतीया."

यंत्र हाती न घेता त्यानं महिनाभर ती गेम कागदावर लिहिली. चिंचोके म्हणजे यष्टी, दगड आणि वळणं. त्याचं आजोळ चिपळूणकडं. लहानपणी दर सुट्टीत कुंभार्ली घाट उतरताना तो ड्रायव्हरच्या मागं उभा राहायचा, म्हणून गेमही तीच. इंग्रजी एच म्हणजे यष्टी, ओ म्हणजे दगड. सगळे दगड चुकवले की पडद्यावर 'चिपळूण' उमटणार. मी घाई केली की म्हणायचा, "आदी कागदावर पळव, मग मशिनीत घाल. मशीन बिचारं सांगशील तेवढंच करतंय. शानपना समदा आपला आस्तोय."

मशिनीत घालायचं काम मात्र मी माझ्याकडं घेतलं. यंत्र माझं, तेव्हा मान माझा. वायर-बियर काही नव्हती. एकेक अक्षर कळ दाबून घालायचं, आणि प्रत्येक अक्षराआधी आणखी एक कळ. तीन संध्याकाळी गेल्या. गेम सुरू केली, तर यष्टी पहिल्याच वळणाला आकाशात निघून गेली. मी मोठ्या समाधानानं जाहीर केलं, "तुझा प्रोग्राम चुकलाय."

त्यानं यंत्राकडं बघितलंसुद्धा नाही. कागदावर बोट ठेवलं. "एकतिसाव्या ओळीत अधिक हाय. तू वजा घातलंयस."

"तुला कसं कळलं?"

"पडद्याच्या ओळी वरनं खाली मोजत्यात. कुनीतरी वजा घातल्याबिगर यष्टी वर कशी जाईल गड्या?"

वजाच होतं.

पंधरा दिवसांत सगळं होस्टेल आमच्या खोलीपुढं रांग लावू लागलं. मी सगळ्यांना सांगायचो, ही गेम आम्ही केलीय. दुसऱ्या आठवड्यात 'आम्ही'चं 'मी' झालं. संपतनं ते ऐकलं आणि नुसता हसला. "वकीलच त्यो. खटला आपलाच म्हननार." एरवी त्याला कशाचाच मान नको असायचा. पण आपला कागद कुणी नीट वाचावा, एवढी एक भूक त्याला होती. होस्टेलात सगळे खेळायचे, वाचायचं कुणीच नाही.

तिसऱ्या वर्षाची परीक्षा आली. पाण्याच्या प्रवाहाचा विषय मला कधीच कळला नव्हता. मग मी एक युक्ती काढली आणि त्या युक्तीवर इतका खूश झालो की अभ्यास करायचा तोही सोडला. चाळीसेक ओळी सूत्रं मी कॅल्क्युलेटरात घातली. वेगळ्या नावानं ठेवली असती तर यादीत दिसली असती. म्हणून संपतच्या गेमच्या पोटात, 'चिपळूण'च्या ओळीखाली दडवली. गेममध्ये कोण बघणार? प्रत्यक्ष पेपराला व्हरांड्यात बुटांचे आवाज आले आणि मी भीतीनं कॅल्क्युलेटरला हातच लावला नाही. कॉपी करायला जेवढं धाडस लागतं तेवढंही माझ्याकडं निघालं नाही. नंतर ती सूत्रं पुसायला हवी होती. पुसायचं म्हणजे पुन्हा ओळीओळीनं कळा दाबायच्या. सुट्टीत बघू म्हटलं.

दोन दिवसांनी इमारतींच्या रचनेचा पेपर. सकाळी घाईत मी संपतच्या खाटेवर बसलो तो नेमका त्याच्या साध्या कॅल्क्युलेटरवर. काच फुटली. त्याचा चेहरा उतरला, तसा मी राजासारखा हात पुढं केला. "घे माझा. मी शेजाऱ्याचा नेतो." सूत्रांची आठवण मला तेव्हा झाली नाही, हे आजही शपथेवर सांगतो. झाली ती परीक्षेच्या हॉलमध्ये फिरतं पथक शिरलं तेव्हा.

पथकात बाहेरगावचे एक वयस्क प्राध्यापक होते. ते संपतच्या बाकापाशी थांबले. मी त्याच्या मागं तिसऱ्या बाकावर.

"हे काय? एवढा पडदा?"

"कॅल्क्युलेटर हाय, सर."

"यात मजकूर साठवता येतो म्हणे. काय आहे दाखव."

संपतनं यादी उघडली. एकच नाव होतं. "गेम हाय, सर. मी केलीया."

"तू?" प्राध्यापक हसले. "तयार मिळाली असेल कुठंतरी." आणि ते पुढं निघाले. खरंच सांगतो, निघाले होते.

"तयार न्हाई, सर," संपत म्हणाला. "ह्यातलं अक्षर न अक्षर माझं हाय. बघा की."

कुणी मोठं माणूस त्याचं काम वाचायला पहिल्यांदाच वाकलं होतं. तो बाणाची कळ दाबत एकेक ओळ दाखवू लागला. "हितं वळन, सर. हितं दरड." मागं बसून मी मनातल्या मनात ओरडत होतो, थांब, चिपळूणला थांब. चिपळूणची ओळ आली. प्राध्यापक म्हणाले, "छान आहे." संपत खुलला आणि त्या आनंदात त्याचा अंगठा आणखी एकदा दाबला गेला. मग आणखी एकदा.

"आणि हे?"

संपतनं दोन ओळी वाचल्या. त्याला तेवढ्या पुरे होत्या. तो मागं वळला नाही. मला त्याची मान दिसत होती, ती हळूहळू खाली गेली.

"हेही तुझंच ना? अक्षर न अक्षर?"

त्यानं यंत्र बाकावर ठेवलं. आमच्या कॉलेजचे सर मध्ये पडले. "ही परवाच्या पेपराची सूत्रं दिसतात. आजचा विषय वेगळा आहे." पथकाचे सर म्हणाले, "मजकूर तो मजकूर."

मी हात वर केला. सगळं सांगायचं ठरवूनच केला. पर्यवेक्षक माझ्याजवळ आले, "काय रे?" म्हणाले, आणि माझ्या तोंडून निघालं, "सर, पुरवणी."

त्यांनी पुरवणी दिली. मी ती भरलीही.

पेपरानंतर संपत होस्टेलच्या पायऱ्यांवर बसला होता. मी समोर उभा राहिलो. म्हणालो, "कॅल्क्युलेटर जप्त झाला का?" इतकं नीच वाक्य मी पुढं आयुष्यात बोललेलो नाही, आणि वाक्यं पुष्कळ बोललोय.

तो म्हणाला, "आत्ता काय बोलू नगंस. दोन पेपर ऱ्हायल्यात तुझं. दे निवांत."

त्यातलं 'आत्ता' मी सोडून दिलं आणि 'बोलू नगंस' तेवढं जवळ ठेवलं. महिन्यानं त्याला चौकशीला बोलावलं, तेव्हा मी साताऱ्यात आमरस खात होतो. त्याचा निकाल रद्द झाला आणि पुढच्या परीक्षांना बसायचीही बंदी आली. तो खोलीतली ट्रंक न्यायला आला त्या दिवशी मी मुद्दाम मिरजेला जाऊन बसलो.

पुढच्या वर्षी मी शेवटची परीक्षा पास झालो, पुण्यात नोकरीला लागलो. संपत शिरवळला एका कारखान्यात हंगामी कामगार म्हणून लागलाय असं कळलं. पंधरा दिवसांनी एकदा पुणे-सातारा करताना माझी यष्टी शिरवळला थांबायची, आणि तिथं मला दर वेळी गाढ झोप लागायची. खिडकीला डोकं टेकून, डोळे घट्ट मिटून. एकदा कंडक्टरनं हलवून विचारलं, "सायेब, बरं वाटंना का?"

असं दोन वर्षं चाललं. मग होस्टेलातल्या एकाचा फोन आला. पहाटे रातपाळी सुटल्यावर हायवे ओलांडताना संपतला ट्रकनं उडवलं होतं. तो गेल्याला चार दिवस झाले होते.

मी पाटणला गेलो, तिथून जीपनं वाडीवर. आबा ओट्यावर बसले होते, पाठ सरळ. मी नाव सांगितलं. "वकील व्हय?" ते म्हणाले आणि आत चहा सांगितला. चहा येईस्तोवर मी सगळं सांगून टाकलं. सूत्रं, फुटलेली काच, पुरवणी. एकदाही न अडखळता. तीन वर्षांत बहुधा पाठ झालं होतं.

"म्हाईत हाय," आबा म्हणाले.

"काय?"

"पयल्याच दिशी सांगितलं त्यानं. मी म्हनलं, चल सांगलीला, सायबाला सांगू. तर म्हनला, आबा, मी नाव घेतलं तर म्हनतील ढकलतोय दुसऱ्यावर. वकील भित्रा हाय, पर वाईट न्हाई. त्यो आपुनहून येतोय, बगा. त्यानं सांगितलं तरच माझं नाव धुऊन निगंल." मग वाटेकडं बघत म्हणाले, "शिरवळास्नं सुट्टीला आला की इचारायचा, सांगलीचं पत्र आलंय का."

चहा आला. माझा तसाच राहिला. आबांनी त्यांचा संपवला, आत गेले आणि वही-पेन घेऊन आले.

"लिवून द्या."

"कॉलेजच्या नावे?"

"कालेजाला काय करायचंय आता? त्याच्या आईला वाचून दाकवायचं हाय. वाडीत समद्यांनी तिला इचारलंय, पोरगं कॉपीत घावलं म्हनं. आन ही आपली गप."

मी लिहू लागलो. हात वकिलाच्या घरातला. 'माझ्याकडून नकळत' असं सुरू केलं. आबा माझ्या खांद्यावरून वाचत होते. त्यांनी 'नकळत'वर बोट ठेवलं. "हे खोडा."

खोडलं. मग सरळ लिहिलं. सूत्रं मी घातली. संपतला माहीत नव्हतं. मी समोर असून बोललो नाही. दारात त्याची आई येऊन उभी राहिली होती, पण माझ्याकडं बघत नव्हती, कागदाकडं बघत होती. खाली सही केली आणि पेन थांबलं.

"तारीख कुठली घालू, आबा?"

"आजचीच घाला की," ते म्हणाले. "आज आलासा न्हवं."