माय झोपू देईना
पाडव्याला कडुनिंबाचा पाला दाताखाली आला की मला चोपड्याचा रस्ता आठवतो. माझी शाळा चौथीतच सुटली होती आणि मी मायबरोबर कापूस वेचायला जात होते. एका सकाळी वेचता वेचता पायाला साप चावला. मायने लुगड्याचा पदर फाडून पोटरी आवळली, मला मालकाच्या बैलगाडीत टाकलं आणि बांधावरचा निंबाचा पाला ओरबाडून माझ्या तोंडात कोंबला. विष चढलं की पाला कडू लागत नाही, असं आमच्याकडे मानत. "कडू लागस का?" ती सारखी विचारायची, आणि मी हो म्हटलं की अजून कोंबायची. डोक्यावर ऊन, खाली चाकांची करकर, माझे डोळे मिटत होते. मिटले की फाडकन चापट बसायची. "अक्का, नको मारू पोरले, निजू दे," गाडीवान म्हणाला. "तू बैल हाक," माय म्हणाली. त्या वाटेवर मला ती वैरीण वाटली. चोपड्याच्या दवाखान्यात इंजेक्शन दिल्यावर डॉक्टरांनी माझा सुजलेला गाल पाहून विचारलं, "हिला मारलं कोणी?" माय म्हणाली, "मीच." संध्याकाळी ते म्हणाले, आता झोपू द्या. तिने दोनदा विचारून खात्री केली, मग माझ्या गालाखाली आपला तळवा ठेवला आणि मी उठेपर्यंत काढला नाही. आता इकडे सुरतेत मला ताप आला की सून मायेने म्हणते, झोपा जरा. मी भीतभीतच डोळे मिटते, आणि जाग आली की उठण्याआधी मायला हात जोडते.