जुन्या बोरमाळेचा तपास

आमच्या कामात पुरावे मुश्किलीनं मिळतात, किस्से मात्र न मागता पदरात पडतात. कॉलेजच्या लायब्ररीतून रिटायर झाल्यावर मी जुन्या गुन्ह्यांचा शोध घ्यायला लागले. ना पोलिसांसाठी, ना पेपरसाठी, निव्वळ माझ्या हौसेनं. सिडकोतल्या आम्हा नवरा-बायकोच्या फ्लॅटमध्ये एक अख्खं कपाट कागदांचं आहे, पण पाहुणे आले की मागतात ते किस्सेच. त्यातले हे सगळे एकाच केसचे.

केस साधी. बिडकीनच्या पुढच्या एका गावात चाळीसेक वर्षांपूर्वी, भर दुपारी, रंगनाथअण्णांच्या घरातून सोन्याची बोरमाळ गेली. आळ आला शेजारच्या दगडूबांवर. कोर्टानं त्यांना सोडलं, पण निकालाचा कागद काही त्यांनी आणला नाही आणि गावानं ठरवून टाकलं की गडी शिक्षा भोगून आला. तेव्हापासून त्यांच्या शेताचं नाव ‘चोराचं शेत’. जीपवाले थांबासुद्धा त्याच नावानं पुकारतात. दगडूबा कधीच गेले. त्यांच्या बायको गुलाबबाई मला म्हणाल्या, “ताई, मला दुसरं काय बी नको. मी मरायच्या आत ते नाव गेलं पायजे.”

*

मी चोरीची केस घेतलीय हे सोसायटीत कळलं. खालच्या मजल्यावरच्या काकू लगेच वर आल्या. “माझी जास्वंदीची फुलं रोज सकाळी कोण नेतं, तेवढं शोधा.”

म्हटलं, चला, हात तरी साफ होईल. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेऊन बाल्कनीत बसले. सहा-दहाला चोर आला. पाच फुलं तोडली, खिशात घातली, जिना चढून वर आला आणि मला म्हणाला, “एकटीच चहा घेतेस?”

काकूंना सांगितलंय, तपास चालू आहे.

*

त्या वेळचे हेड कॉन्स्टेबल सलीमभाई आता खुलताबादला असतात. मी विचारलं, “बोरमाळेची केस आठवते का?”

“हौ मॅडम, कायको नै! पंचनामे के दिन अण्णा के घर पिठलं-भाकर था. पिठल्यात नमकच नव्हतं.”

“पण निकाल काय लागला?”

“वो तो कोर्ट जाने. मैं मीठ का बोल रा.”

दोन तास बसले. त्या दिवशी कोण काय जेवलं याची इतकी पक्की साक्ष मी कुठं ऐकली नाही.

*

रंगनाथअण्णांचं म्हणणं होतं की दारात उभं राहून त्यांनी दगडूबांना बांधावरून गाठोडं नेताना ओळखलं. एवढ्या लांबून माणूस ओळखू येतो का, हे बघायला मी टेप घेऊन त्यांच्या दारापासून बांधापर्यंत मोजायला लागले. बिडकीनच्या पट्ट्यात टेप घेऊन शेतात उतरायचं नसतं, हे माझ्या लक्षातच आलं नाही.

अर्ध्या तासात चहा आला. मग खुर्ची आली. मग सातबारा घेऊन वीस-बावीस माणसं आली. “मॅडम, कंपनी कोणती येतीय?” मी म्हटलं, मी चोरीसाठी आलेय. एक आजोबा समजूतदारपणे म्हणाले, “ते ठीक हाय. पण भाव काय देनार?”

*

शेवटी कोर्टाच्या रेकॉर्ड रूममध्ये नक्कल मागायला गेले. अर्जात रकाना होता, ‘आरोपीशी नाते’. मी तो मोकळा सोडला. क्लार्क म्हणाला, “मोकळा चालत नाय मॅडम, कायतरी लिहा.” मी लिहिलं, ‘हितचिंतक’.

त्यानं चष्म्यावरून बघितलं. “आरोपीला माहीत हाय का?”

“ते वारले.”

“मग हरकत नाय,” म्हणून त्यानं शिक्का मारला.

*

नक्कल घेऊन गावात गेले. गुलाबबाईंनी सगळ्यांना कडुलिंबाच्या पारावर गोळा केलं होतं. रंगनाथअण्णाही काठी टेकत आले. मी मोठ्यानं वाचलं: आरोपीची निर्दोष मुक्तता.

अण्णांनी मान डोलावली. “बरोबरच हाय. बोरमाळ तिसऱ्या दिवशीच भेटली की. आमच्याच ज्वारीच्या कणगीत व्हती.”

गुलाबबाईंनी विचारलं, “मंग चाळीस वर्सं बोलला का नाय, अण्णा?”

“मला कुणी इचारलंच नाय.”

गुलाबबाईंनी माझ्या हातातला कागद घेतला, घडी करून कमरेला खोचला आणि घराकडं चालू पडल्या. मला इतका संताप आला होता की मी अण्णांना रामरामही न करता निघाले.

दिवाळीनंतर गुलाबबाईंना भेटायला पुन्हा गेले. बिडकीनला जीप भरली आणि वाटेत ड्रायव्हर ओरडला, “चोराचं शेत, चोराचं शेत कोन हाय?”

एवढं करून नाव तिथंच. मी बोट वर केलं आणि पिशवी उचलली.

गुलाबबाईंचं शेत आलं. जीप थांबली नाही. तशीच पुढं गेली आणि रंगनाथअण्णांच्या शेतातल्या विहिरीपाशी उभी राहिली.

“उतरा ताई,” ड्रायव्हर म्हणाला.