मीठ परत करून दिलेली साक्ष

"तेवढं सिंगापूरचं काढू नका," पट्ट्याचं पितळी बकल चिंचेनं घासता घासता विजयाबाई म्हणाल्या.

सूर्याजी साफा बांधत होते. "मी कशाला काढतोय? पण त्यांनीच विचारलं तर?"

"तर म्हणायचं, झाली त्याला वर्षं, आता ध्यानात नाही."

"अगं, भर कोर्टात ध्यानात होतं, आणि इथं साहेबांसमोर विसरलो म्हणू?"

"कोर्टात तोंड उघडल्यानं चूल विझणार नव्हती. इथं विझेल."

जयेंद्रगंजातल्या त्या दोन खोल्यांत हा वाद बरेच दिवस धुमसत होता. सूर्याजी भापकर म्हणजे ग्वाल्हेर रियासतीच्या पोलिसांतले हवालदार. पण आता रियासतच उरली नव्हती. ग्वाल्हेर, इंदूर आणि आसपासची संस्थानं मिळून मध्यभारत झाला होता. राजधानी हिवाळ्यात ग्वाल्हेरला, उन्हाळ्यात इंदूरला. "सरकारसुद्धा माहेर-सासर करायला लागलं," असं विजयाबाई शेजारच्या शालिनीताईंना म्हणायच्या. सगळीकडचे पोलीस एक करायचे, तर माणसं फार नि जागा थोड्या. म्हणून अधिकाऱ्यांची एक समिती एकेकाला बोलावून पारखत होती. याला ठेवा, त्याला घरी पाठवा.

सूर्याजींचं नाव नव्या रंगरुटांचा कवायत-उस्ताद म्हणून पुढं गेलं होतं. कवायतीत त्यांचा हात धरणारा दुसरा नव्हता. पण समितीत जयसिंहराव होते. सरदार घराण्यातले, रियासतीच्या पोलिसांतले जुने कप्तान. गोरखीच्या कचेरीत चारचौघांत ते बोलून गेले होते, "ज्याचं मीठ खाल्लं त्यालाच या माणसानं फासावर चढवलं. त्याच्या हाती पोरं द्यायची? कभी नहीं."

गोष्ट खोटी नव्हती. अर्धी होती.

सूर्याजींचे वडील रियासतीच्या पलटणीत होते. पोराला तिथं जागा मिळाली नाही, म्हणून तो इंग्रजांच्या फौजेत गेला. "इंग्रजाचं मीठ आळणी असतं लेका," म्हातारा म्हणाला होता. पोरगा सिंगापूरला पोचला आणि सिंगापूर पडलं. जपान्यांनी कैद्यांना जहाजात कोंबलं आणि दूरच्या एका बेटावर विमानांसाठी धावपट्टी खणायला नेलं. तिथल्या पहारेकऱ्यांना कैद्यांनी आपलीच नावं ठेवली होती. एक हवालदार होता, तो मिशाळ. एक साधा शिपाई होता, तो चष्मेवाला.

महिनोन् महिने बिनमिठाची पेज पिऊन सूर्याजींच्या पायांत असे गोळे यायचे की फावडं हातातून गळायचं. एक दिवस मिशाळनं ते पाहिलं, इकडंतिकडं नजर टाकली आणि मूठभर मीठ त्यांच्या ओंजळीत घातलं. सूर्याजींनी ते चाटून चाटून खाल्लं. पिढ्यान् पिढ्या मिठाला जागलेल्या घरातला माणूस तो. मनाशी म्हणाला, आता या माणसाचं आपण देणं लागतो.

मग लढाई उलटली. तळ हलवायचा ठरला आणि तळावरच्या जपानी कप्तानानं हुकूम काढला, चालू न शकणारा एकही कैदी मागं जिवंत राहता कामा नये. आजाऱ्यांच्या झोपड्या दोन होत्या. एकीत मिशाळ शिरला. बाहेर आला तेव्हा तो संगीन गवतावर पुसत होता आणि आत कुणी कण्हत नव्हतं. दुसरीत चष्मेवाला शिरला. त्यानं मागची झावळ्यांची भिंत फाडली, हातानं "जा, जा" केलं आणि आभाळात गोळ्या झाडल्या. रांगता येत होतं ते जंगलात रांगत गेले. बाकीच्यांना बाहेर पाणी भरणाऱ्या सूर्याजींनी आणि सोबत्यांनी ओढून नेलं.

लढाई संपल्यावर सोबती जहाजानं घरी परतले. सूर्याजी मात्र सिंगापूरला थांबले. इंग्रजांचं लष्करी कोर्ट बसायचं होतं आणि साक्षीदार हवा होता.

आरोपींच्या बाकावर कप्तान होता, मिशाळ होता, चष्मेवालाही होता. कप्तान म्हणे, मला जनरलचा हुकूम. मिशाळ म्हणे, मला कप्तानाचा हुकूम. जनरल तर मरून गेलेला. बोटं अशी वर वर जात राहिली की ऐकणाऱ्याला वाटावं, त्या आजाऱ्यांना आभाळानंच मारलं.

आणि तिथं सूर्याजींनी तो घोळ घातला. साक्षीला हाक आली तशी ते पिंजऱ्याकडं न जाता थेट आरोपींच्या बाकाकडं गेले, खिशातून कागदाची पुडी काढली आणि मिशाळच्या पुढ्यात ठेवली.

एकच गहजब! गोऱ्या शिपायांनी त्यांना दोन्ही बाजूंनी धरलं. "जहर! जहर!" कुणी ओरडलं. आरोपीनं विष खाऊन सुटू नये म्हणून रात्रंदिवस पहारा, आणि हा हिंदी साक्षीदार भर कोर्टात पुडी देतोय!

"काय आहे हे?" न्यायाधीशांनी दुभाष्यामार्फत विचारलं.

"मीठ आहे हुजूर."

"कसलं मीठ?"

"खायचं. बाजारातलं."

"खाऊन दाखव."

सूर्याजींनी चिमूटभर तोंडात टाकलं. कोर्ट बघत राहिलं. मरेना की!

"यानं मला मूठभर मीठ दिलं होतं, हुजूर. ज्याचं मीठ खाल्लं त्याच्याविरुद्ध आमच्यात बोलत नाहीत. म्हणून आधी परत केलं. आता बोलतो."

आरोपींचा वकील ताडकन उठला. "म्हणजे हा माणूस दयाळू होता, हे साक्षीदाराला कबूल आहे?"

"माझ्यापुरता होता. लिहा ते. मीठ माझं होतं, ते मी फेडलं. पण झोपडीतल्यांना यानं काय दिलं, तेही लिहा. त्यांच्या वाटचं माफ करणारा मी कोण?"

"त्याला हुकूम होता!"

"हुकूम दोघांना होता, साहेब. एकच हुकूम, त्याच दिवशी." सूर्याजींनी चष्मेवाल्याकडं हात केला. "यानं भिंत फाडली. त्यानं माणसं फाडली. हुकूम तर दोघांना सारखाच होता. मग फरक कुणी केला?"

कोर्टानं कप्तानाला हुकमाबद्दल धरलं आणि मिशाळला त्याच्या हाताबद्दल. दोघं फासावर गेले. चष्मेवाला सुटला. जाताना तो सूर्याजींपुढं कमरेत वाकला. तेही गोंधळून त्याला मुजरा करून बसले. मग ते ग्वाल्हेरला परतले आणि रियासतीच्या पोलिसांत लागले.

आता ग्वाल्हेरच्या कचेरीत, टेबलापलीकडं अध्यक्ष म्हणून इंदूरचे गोपाळकृष्णपंत बसले होते आणि शेजारी मिशीला पीळ देत जयसिंहराव. विजयाबाईंची आशा पहिल्याच प्रश्नाला संपली.

"हवालदार," जयसिंहराव म्हणाले, "ज्याचं मीठ खाल्लंस त्याच माणसाला तू सिंगापूरला फाशी दिलीस. खरं ना?"

"फाशी कोर्टानं दिली, सरकार. मी पाहिलं ते सांगितलं. आणि मीठ आधी परत केलं होतं."

पंतांना हसू आलं. त्यांनी ते रुमालात दडवलं.

"ते राहू दे. तो शिपाई होता, त्यानं हुकूम मानला. तूही शिपाई आहेस. उद्या मी हुकूम दिला, गोळी चालव, तर काय करशील? कायद्याचा कीस काढत बसशील?"

सूर्याजींना दोन्ही उत्तरं दिसत होती. एक होतं 'हुकूम शिरसावंद्य, सरकार'. तेवढं म्हणायचं, सलाम ठोकायचा आणि उस्ताद होऊन घरी जायचं.

"दंगा असेल, लोक अंगावर येत असतील, तर आधी इशारा देईन आणि मग चालवीन, सरकार. मागं हटणार नाही."

"शाबास. आणि?"

"पडलेल्या माणसावर चालवणार नाही. हात बांधलेल्यावर चालवणार नाही. हुकूम आपला असला तरी नाही."

"म्हणजे हुकूम मोडशील!"

"तेवढाच मोडीन. आणि पुढं कुणी विचारलं की असा हुकूम कुणी दिला होता, तर नावही सांगीन."

"माझं?"

"आपलं असेल तर आपलं, सरकार."

पंखा ओढणाऱ्याचा हातसुद्धा थबकला. जयसिंहरावांचा चेहरा तांबडालाल झाला. पंतांनी सूर्याजींना बाहेर बसायला सांगितलं.

बाहेरच्या बाकावर सूर्याजी ताठ बसले. आतून आवाज येत होता, चढलेला, मग उतरलेला. बऱ्याच वेळानं जयसिंहराव स्वतः बाहेर आले. सूर्याजी उठून उभे राहिले.

"माझ्या तोंडावर आजवर असं कुणी बोललं नव्हतं," जयसिंहराव म्हणाले.

"माफी असावी, सरकार."

"मागू नकोस माफी! मागितलीस तर नेमणुकीचा कागद फाडून टाकीन." त्यांनी मिशीवरून हात फिरवला. "पंत मला म्हणाले, याच्या हाताखालची पोरं तुम्हाला कधी आरोपींच्या बाकावर बसवणार नाहीत, कारण तसा हुकूम देण्याआधी तुम्हीच दहादा विचार कराल. इंदूरचा माणूस, पण बोलतो चोख. जा. सोमवारपासून थाटीपुरच्या मैदानावर."

सूर्याजींनी असा सलाम ठोकला की टाचांचा आवाज जिन्यापर्यंत गेला.

घरी विजयाबाई दारातच उभ्या. "काढलंत ना ते?"

"त्यांनीच काढलं."

"आणि तुम्ही काय बोललात?"

सूर्याजींनी शब्दन् शब्द सांगितला. विजयाबाई कपाळाला हात लावून ऐकत होत्या. 'आपलं असेल तर आपलं' आलं तेव्हा त्यांनी डोळेच मिटले. 'थाटीपूर' ऐकल्यावर उघडले, पदर खोचला आणि भिंतीपाशी जाऊन खड्या आवाजात हाक दिली, "शालिनीताई! अहो, ऐकलंत का? आमच्या यांनी जयसिंहरावांना तोंडावर सांगितलं!"

सोमवारी थाटीपुरच्या मैदानावर रंगरूट उभे राहिले. काही ग्वाल्हेरचे, काही इंदूरचे, एकमेकांकडं तिरकं बघणारे. रायफली वाटायची वेळ आली. रीत अशी की शिपायानं आपला नंबर पुकारायचा आणि रायफल घ्यायची.

पहिल्या पोरानं नंबर पुकारला. उस्तादांनी रायफल सोडली नाही.

"नाव?"

"उस्ताद, नंबर सांगितला की…"

"नंबर सरकारचा आहे. गोळी सुटली की ती कुणाच्या हातून सुटली म्हणून विचारतात. नाव सांग. आणि मोठ्यानं, पार शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं."

पोरानं छाती भरून घेतली आणि स्वतःचं नाव पुकारलं. मग दुसऱ्यानं. मग तिसऱ्यानं. मैदानभर नावं घुमत राहिली, आणि सूर्याजी उस्ताद एकेकाच्या डोळ्यांत बघत एकेक रायफल हाती देत पुढं सरकत गेले.