भाऊंच्या अंगणातली सावली

सकाळी दहाच्या उन्हात शेजारच्या भाऊंच्या अंगणात एक बारीक, सरळ सावली पडते. माझ्या पिठाच्या गिरणीला वीज आणणाऱ्या तारेची. खांब रस्त्यावर आहे आणि गिरणी त्यांच्या घरामागे, त्यामुळे तारेला दुसरी वाटच नाही. तरी भाऊंनी दावा ठोकलाय, आमच्या जागेवरून तार नको म्हणून.

आज त्याच सावलीच्या दोन्ही बाजूंना त्यांच्या बायकोनं, माईंनी, उडदाचे पापड वाळत घातले होते. गिरणीच्या दारातून बघताना मला हसू आलं आणि रागही आला. त्या पापडांचं पीठ याच तारेवर दळलेलं! जमीन तुमची, कबूल. पण वरचं आभाळ कुठल्या सातबाऱ्यावर चढवलंय? त्यातून कावळे जातात, माझ्या फोडणीचा वास तुमच्याकडे जातो, तुमच्या आरतीची घंटा माझ्या घरात येते. मी कधी नोटीस पाठवली? एकमेकांच्या अंगणातून थोडं थोडं जाणं, यालाच तर शेजार म्हणतात. तो मी सोडणार नाही.

पापड उलटून झाल्यावर माई डबा घेऊन आल्या. हळूच म्हणाल्या, "भाजणी आहे. आजच दळून द्या. उद्या तारीख आहे, कोर्ट काय म्हणेल कुणास ठाऊक."

मी बटण दाबलं. गिरणी घरघरायला लागली.

"परवा गहू घेऊन या, माई!" मी ओरडून म्हणाले. पडवीत दाव्याचे कागद लावत बसलेल्या भाऊंना ऐकू जाईल, इतक्या मोठ्यानं.